मग झाडलं कोणी?

आईच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं आणि महिनाभर तिचं पेपर वाचणं बंद झालं. चष्म्याचा नवा नंबर मिळायचा होता, आणि नुसतं बसून राहणं तिच्या स्वभावात नाही. 84व्या वर्षीही दुपारी चार वाजले की तिला हाताला काहीतरी लागतं, निवडायला, सोलायला, ओवायला. मी टॅब डाळीच्या डब्याला टेकवून तिच्यासमोर ठेवायची आणि काहीबाही लावून द्यायची. कीर्तनं झाली, जुनी नाट्यपदं झाली. मग एका दुपारी, माझ्याच आवडीची म्हणून, एक मूक चित्रफीत लावली. फ्रान्समधल्या नीस शहराची, सव्वाशे वर्षांपूर्वीची, फुलांच्या उत्सवाची. समुद्राकाठचा रुंद रस्ता, कडेला गर्दी, मधून घोडागाड्यांची रांग. गाड्या फुलांनी इतक्या मढवलेल्या की गाडी कुठे संपते आणि घोडा कुठे सुरू होतो ते कळू नये. आत भल्यामोठ्या टोप्या घातलेल्या बायका, आणि त्या गुच्छ उचलून गर्दीवर फेकतायत. गर्दीही परत फेकतेय. सगळं त्या काळच्या चित्रफितींसारखं लगबगीचं, किंचित उड्या मारत चाललेलं. आई हनुवटीखाली हात घेऊन बघत होती. मध्येच एकदा फक्त "अगं, तुडवतायत की!" एवढं म्हणाली. मिनिटही पूर्ण व्हायच्या आत पडदा काळा झाला.

"संपलं?"

"संपलं."

"मग झाडलं कोणी?"

मी हसले आणि चहा टाकायला उठले. पण तो प्रश्न काही माझ्यामागून उठेना. ती चित्रफीत मी पंधरा-वीस वेळा तरी पाहिली असेल. टोप्यांसाठी पाहिली, घोड्यांसाठी पाहिली, त्या काळच्या प्रत्येक चित्रफितीत असतो तसा एखादा माणूस चालता चालता थबकून थेट आपल्याकडे बघतो, त्याच्यासाठी तर जास्तच पाहिली. खाली जमिनीकडे एकदाही पाहिलं नव्हतं. रात्री आई झोपल्यावर पुन्हा लावली आणि या वेळी चौकटीच्या खालच्या काठावरच नजर ठेवली. तिथे काळे ठिपके होते. चाकं त्यांच्यावरून जात होती, बूट जात होते, आणि मला आजवर ते फिल्मवरचे डाग वाटत आले होते.

आमच्या घरात फुलांचं शिस्तीचं खातं होतं. आईचं माहेर पुण्यात, कसबा पेठेत. तिथली तिची आजी पहाटे परडी घेऊन परसात जायची आणि त्या वेळी तिच्याशी बोलायची सोय नव्हती. तोडलेलं फूल हुंगायचं नाही, हुंगलेलं देवाला चालत नाही. परडी जमिनीवर टेकवायची नाही. खाली पडलेलं फूल उचलून वाहायचं नाही, अपवाद एकट्या प्राजक्ताचा, कारण तो झाडावर हाती लागतच नाही, त्याला पडल्यावरच गाठावं लागतं. आणि वाहिलेलं फूल सुकलं की त्याचं निर्माल्य होतं, ते पायाखाली येता कामा नये. तुळशीच्या बुंध्याशी नाहीतर नदीत. हे सगळं आईकडून माझ्याकडे आलं, बरंचसं गळत गळत. मी सात-आठ वर्षांची असताना भावाला झेंडूचं फूल फेकून मारलं होतं. गणपतीच्या दिवसांतलं, पाणी शिंपडलेलं, चांगलं जड फूल. त्याच्या कपाळावर चपकन बसलं. त्याला लागलं म्हणून आई रागावेल असं वाटलं होतं, पण तिने आधी फूल उचललं, पदराने पुसलं आणि मग माझ्याकडे वळून म्हणाली, "फूल ही काय मारायची वस्तू आहे?"

तसं फुलं आपणही टाकतोच. पालखीवर टाकतो, मिरवणुकीत गच्चीवरून पाकळ्यांची पोती रिकामी करतो, नवरानवरीवर टाकतो. पण आपल्याकडे फूल ज्याच्यावर पडायचं तो ठरलेला असतो. तो देव असतो, संत असतो, नाहीतर त्या दिवसापुरता नारायण असतो. तो काही फूल परत मारत नाही. नीसच्या त्या रस्त्यावर मात्र उलटटपाली मारा चाललेला दिसतो, अनोळखी पुरुषाने अनोळखी बाईला गुच्छ मारावा आणि तिने हसत दुसरा परत मारावा. हे पाहताना मला मजा वाटते हे खरंच. आणि त्याच वेळी पदराने पुसलेलं ते झेंडूचं फूल आठवून बोटं चोरटी होतात, हेही खरं.

त्या उत्सवाचं नावच 'फुलांची लढाई'. सुरुवात 1876ची, नीसच्या कार्निव्हलचा भाग म्हणून. कार्निव्हल जुनाच, पण त्याला आजचं आखीव रूप 1873ला समिती नेमून दिलं गेलं. त्याआधीची आणि नंतरचीही बरीच वर्षं तिथे लोक एकमेकांवर प्लॅस्टरच्या गोळ्या मारायचे. लहान, पांढऱ्या, लागणाऱ्या. त्यांच्यापासून डोळे वाचवायला तारेच्या जाळीचे मुखवटे घालावे लागत. आपली धुळवड डोळ्यांसमोर आणली की पुढचं सांगायला नको. त्या धुमाळीत न उतरणाऱ्या वरच्या थरासाठी फुलांची ही सभ्य लढाई निघाली. नीस 1860मध्ये फ्रान्सकडे आलं, 1864मध्ये तिथे रेल्वे पोहोचली, आणि थंडीने गारठलेले इंग्रज, रशियन, पॅरिसवाले श्रीमंत हिवाळा काढायला तिथे लोटले. समुद्राकाठच्या ज्या रस्त्यावर ही लढाई होते त्याचं नावच 'इंग्रजांची फेरी' अशा अर्थाचं आहे. फेब्रुवारीत उत्तरेकडे बर्फ असताना आमच्याकडे बघा कशी फुलं उतू चाललीत, हे दाखवण्याचा तो थाट होता. आणि धंदाही होता. आल्फोन्स कार नावाचा एक लेखक एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला पॅरिस सोडून नीसला आला आणि लेखणीबरोबर खुरपं धरून फुलं विकायला लागला. त्या किनाऱ्यावरच्या फुलांच्या व्यापाराचा पाया त्याने घातला असं मानतात. लेखकाने फुलांचं दुकान काढावं आणि ते चालावं, याचं मला फार अप्रूप आहे.

दुसऱ्या दिवशी आईने पुन्हा तीच चित्रफीत मागितली. या वेळी वेगळाच प्रश्न. "ही फुलं अशी काळी का? मयताला नेल्यासारखी?"

याचं उत्तर मला ठाऊक होतं, आणि तेही तिच्याच भावामुळे. मामाने न्हाणीघरात फोटो धुवायची खोली केली होती. दाराच्या फटींना गोधड्या, मोरीवर फळी, आणि वर लाल दिवा. लालच का, तर फोटोच्या कागदाला लाल उजेड दिसत नाही. सुरुवातीच्या फिल्मचंही तसंच. ती जागी व्हायची मुख्यतः निळ्या-जांभळ्या उजेडाला. लाल तिच्या लेखी अंधार, आणि पिवळाही जवळजवळ तसाच. म्हणून त्या चित्रफितींत आकाश कोऱ्या कागदासारखं पांढरं येतं आणि लाल गुलाब कोळशासारखा. नीसच्या हिवाळ्यातलं मानाचं फूल म्हणजे मिमोसा, ऑस्ट्रेलियातून आणून लावलेलं, आपल्या बाभळीच्या नात्यातलं, तसेच पिवळे मऊ गोंडे. आजही तिथल्या रथांवरून लोकांना वाटतात तो मिमोसाच. डोळ्यांत भरणारा तो हळदीपिवळा त्या फिल्मवर काळपट राखेसारखा उतरणार, आणि शेजारची जांभळी व्हायोलेटं पांढुरकी. म्हणजे आईला जे मयत दिसलं ते बहुधा सगळ्यात झगमगीत, सगळ्यात लालपिवळं असणार. मी हे तिला सांगितलं तेव्हा तिने डावा डोळा हाताने झाकला, मग उजवा झाकला, आणि म्हणाली, "माझंही तसंच झालंय. या नव्या डोळ्याने निळं जास्त निळं दिसतं. जुन्याने सगळं हळद लावल्यासारखं." पिकलेलं भिंग निळा उजेड अडवतं, ते काढलं की तो आत येतो. एकाच कपाळाखाली तिच्याकडे सध्या दोन प्रकारच्या फिल्म होत्या.

अशा चित्रफितींना हल्ली कुणीकुणी संगणकाकडून रंग भरून घेतात. नीसची अशी एक रंगीत आवृत्ती मी पाहिली. सगळ्या गाड्यांवरची सगळी फुलं एकाच बावळट गुलाबी रंगाची, वाढदिवसाच्या केकवर असतात तशी. त्यापेक्षा ते काळं बरं. त्या काळीही फिल्म रंगवत, पण हाताने. पॅरिसमध्ये एलिझाबेथ तुइलिए यांच्या कारखान्यात दोनेकशे बायका हे काम करायच्या. एकेका चौकटीवर, नखाएवढ्या जागेत, बारीक ब्रशने. सेकंदाला सोळा चौकटी, म्हणजे पन्नास सेकंदांच्या पट्टीला आठशे. आणि एकीने एकच रंग भरायचा, पुढचा रंग पुढचीकडे. मला यावरून दादरच्या पुलाखाली बसणाऱ्या गजरेवाल्या आठवतात. त्यांचे हात बोलताना, भांडताना, पोराला दटावतानाही थांबत नाहीत. दोन कळ्या इकडे, दोन तिकडे, दोऱ्याचा वेढा. गजरा विकत घेणारी बाई त्या हातांकडे क्वचित बघते. मीही हिशेबाचे सुटे पैसे शोधत असते.

आता जरा वेगळंच काहीतरी, पण ते डोक्यात आलं आणि गेलं नाही. या फुलांच्या लढाईची एक मोठी चाहती होती व्हिक्टोरिया राणी. 1890च्या दशकात ती वसंतात नीसच्या वरच्या टेकडीवर, सिमिएला, मुक्कामाला यायची. बरोबर शेदीडशे माणसं, आणि त्यांत तिला उर्दू शिकवणारा आग्र्याचा मुन्शी अब्दुल करीम. 1897 सालच्या मार्च-एप्रिलमध्येही ती तिथेच होती, तिच्यासाठीच बांधलेल्या नव्याकोऱ्या हॉटेलात. आणि 1897च्या मार्च-एप्रिलमध्ये कसबा पेठेत काय चाललं होतं ते आईच्या आजीने आईला सांगितलं होतं. आजी तेव्हा सात वर्षांची होती. गोरे शिपाई घरात शिरले ते बूट न काढता, थेट देवघरापर्यंत. तिला प्लेग म्हणजे काय ते कळत नव्हतं, काखेत गाठ म्हणजे काय ते कळत नव्हतं, पण देवघरात बूट आले हे कळलं होतं. सकाळची परडी पाटावर तशीच राहिली होती, ती कुणाच्यातरी बुटाने कलंडली. म्हातारपणी, सगळं विसरल्यावरही ती हे एवढं सांगायची. बाकीची गोष्ट, गणेशखिंडीच्या रस्त्यावरून जूनमधल्या त्या रात्री परतणाऱ्या बग्गीची, मी इथे सांगत बसत नाही. मला आठवत राहते ती आईची आजी, फुलांना कुणी हात लावायच्या आधी बोलणं बंद करणारी. तिची ती चूप शिस्त कुठून आली असेल, याचा मी आधी कधी विचार केला नव्हता.

या सगळ्यावरून त्या टोपीवाल्या बायकांचा राग यावा, असं माझ्या आतल्या कुणाला तरी वाटतं. तो येत नाही. त्यांच्यातली कुणीतरी तोंडावर आलेला गुच्छ चुकवायला खाली वाकते आणि हसत वर येते, तेव्हा मीही हसते.

पुढे 1930मध्ये जाँ व्हिगो नावाच्या पंचविशीतल्या तरुणाने याच नीसवर एक मूक माहितीपट केला. क्षयामुळे हवापालट म्हणून तो तिथे राहत होता. कॅमेऱ्यामागे बोरिस कॉफमन. समुद्राकाठी ऊन खात बसलेल्या श्रीमंतांना कळू नये म्हणून कॉफमनला चाकाच्या खुर्चीत बसवून, कॅमेरा लपवून, व्हिगो ती ढकलत न्यायचा. त्यात कार्निव्हल आहे, फुलांची लढाई आहे, आणि तिच्या अल्याडपल्याड जुन्या शहरातल्या अरुंद गल्ल्या, दोऱ्यांवरचं धुणं, गल्लीतला कचरा, स्मशानातले पुतळेही आहेत. आईचा प्रश्न त्याला पडला होता म्हणायला हरकत नाही. चार वर्षांत, 29व्या वर्षी, तो गेला. आईला मी तो लावून दाखवला, पण तिला झोप लागली. तिला ती पन्नास सेकंदंच आवडतात.

आपल्याकडे अशा पन्नास सेकंदांचं काय झालं? 7 जुलै 1896ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं दाखवली गेली. ती मुंबई काही उत्सवाच्या मनःस्थितीत फार दिवस राहणार नव्हती. सप्टेंबरमध्ये मांडवीला प्लेग निघाला. ल्युमिएरांच्या चित्रांची ती नवलाई पाहून सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, विलायतेहून कॅमेरा मागवला. 1899मध्ये हँगिंग गार्डनवर पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली, आणि 1901च्या डिसेंबरमध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांचं स्वागत. त्या स्वागतात हारतुरे नसतील असं होणं शक्य नाही. डिसेंबर म्हणजे शेवंतीचा हंगाम, आणि पिवळी शेवंती त्या फिल्मवर काळीच आली असणार. पण ते पाहायला मिळत नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची, तिच्यात स्वतःचाच प्राणवायू भरलेला असतो, त्यामुळे पेटली की पाण्यानेही विझत नाही. आणि नाही पेटली तर डब्यात बसल्या बसल्या चिकट होत, पिवळी पडत, शेवटी भुकटी होते. 2003च्या जानेवारीत पुण्यात जुन्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली तेव्हा पेपरात बातमी वाचून आई म्हणाली होती, "म्हणजे सगळ्याचं निर्माल्य झालं." मी तेव्हा तिला दुरुस्त केलं होतं, की आई, निर्माल्य वेगळं, राख वेगळी. आता वाटतं, दुरुस्त करायची काही गरज नव्हती.

मग दसरा आला. आम्ही दादरला राहतो, स्टेशनापासून चालत दहा मिनिटांवर, त्यामुळे दसऱ्याच्या आधीच्या दोन रात्री झोपेतही झेंडूचा तो कडवट, ओला वास येत असतो. सकाळी मी दीडशे रुपयांनी किलोभर घेतला. तोरण झालं, आईने दोन्ही डोळ्यांनी नीट पाहून गाठ मारली, आपट्याची पानं वाटून झाली. रात्री साडेदहाला तिची औषधं आणायला खाली उतरले तर स्टेशनाबाहेरची फूलगल्ली उठत होती. 'दहाला ढीग, दहाला ढीग' असं ओरडणाऱ्यांच्या आवाजातही दम उरला नव्हता. नाशिक-साताऱ्याकडून आलेल्या टेम्पोवाल्यांना परत जायची घाई होती, आणि न खपलेला माल परत नेण्याइतकं डिझेल कुणाला परवडत नाही. त्यांनी पोती तिथेच उलटी केली. रस्ताभर झेंडू. घोट्याएवढा. त्यात लोकल पकडायला निघालेले लोक, रिकाम्या करंड्या, आंब्याचे टाळे, एक उलटी पडलेली चप्पल. नारिंगी जॅकेट घातलेल्या पालिकेच्या तीन बायका खराट्यांनी तो ढीग रेटत होत्या. ओला झेंडू खराट्याला दाद देत नाही, चिकटून बसतो. त्यांतली एक मध्येच थांबली, ढिगातली चांगली चार फुलं निवडली आणि पदराच्या टोकात बांधून पुन्हा झाडायला लागली.

मला वाटलं, हेच. हे आईला दाखवायचं. मी मोबाइल काढला, आडवा धरला आणि चालू केला. पाचेक सेकंदं सगळं नीट आलं, खराटा, फुलं, मागे कचऱ्याच्या गाडीचे दिवे. मग त्या बाईने वर बघितलं, अगदी त्या चित्रफितीतल्या माणसासारखं थेट माझ्याकडे, आणि म्हणाली, "मावशी, बाजूला व्हा ना, उचलायचंय."

मी गडबडीने मागे सरले. हात खाली आला, व्हिडिओ बंद करायचा राहिला. घरी येऊन पाहिला तर पुढची चाळीस सेकंदं नुसती जमीन आहे. फुलं फार सुरेख आली आहेत, रंगासकट, एकेक पाकळी दिसते. आणि त्यांच्या मधोमध माझ्या दोन्ही चपला.

आई रोज विचारते, काल काहीतरी दाखवणार होतीस ना. मी तिला नीसच लावून देते.